तेलपाणी

नेलगन माझ्या टेबलावर येते तेव्हा
मालक खोटं बोलतात, ती बोलत नाही.
चार स्क्रू, वरचं टोपण, पिस्टनभोवतीची ओ-रिंग.
फुगून मऊ पडली असेल तर गाडीचं तेल पाजलंय,
साबण मिसळलेलं, इंजिनाचं.
आत मधासारखा चिकटा साचला असेल
तर उन्हाळ्याची बाटली जानेवारीत वापरलीय.
आणि कोरडी ठणठणीत, चरे पडलेली,
म्हणजे हेइमो निस्कानेन,
जो दर नोव्हेंबरला छातीवर हात ठेवून म्हणतो,
"रोज घालतो, आउने, रोज."
घालतो. गंज सोडवायचा फवारा घालतो,
आणि होतं नव्हतं ते वंगणही धुऊन काढतो.

एकवीस वर्षं हेच वाचतेय मी
थंडर बेला, रेल्वे यार्डाच्या मागे,
जिथं सुपीरियरचा वारा दाराला न विचारता आत येतो.

फेब्रुवारीत डार्सी वाबासी आला.
उणे अठ्ठावीस. मागे उघडा ट्रक, दोन तासांचा रस्ता.
त्यांच्या वस्तीत चार घरांची छपरं अर्धी उघडी,
आणि याची गन खिळे अर्धेच ठोकत होती,
उरलेले हातोडीनं.
"तेल कुठलं घालतोस?"
त्यानं बुटांकडे पाहिलं.
"आईचं."
"आईचं म्हणजे?"
"शिलाई मशीनचं. आमचं संपलं होतं."

मी जिभेला धार लावून ठेवली
आणि टोपण उघडलं.

रिंग काळी, गोल, लवचीक.
सिलिंडर आरशासारखा.
पातळ, निर्मळ तेल, साबणाचा अंश नाही;
मशीनवर बसणाऱ्या बाईनं निवडलेलं,
जिला ठाऊक असतं
की जास्त झालं तर कापडाला डाग
आणि कमी झालं तर सुई रडते.
माझं बोलणं तोंडातच राहिलं.

मग व्हॉल्व्हच्या घरात सापडला
हरभऱ्याएवढा बर्फाचा खडा.
मी चिमट्यानं उचलून टेबलावर ठेवला.
आम्ही दोघं त्याच्याकडे बघत राहिलो.
"टाकीतलं पाणी कधी काढलं होतंस?"
"कुठल्या टाकीतलं?"

म्हणतात तेलपाणी,
जसे काही जुळे भाऊ.
यंत्राला विचाराल तर हाडवैरी.
कॉम्प्रेसर हवा दाबतो, हवेतली ओल खाली बसते,
आणि संध्याकाळी बुडाचा नळ कुणी सोडत नाही
कारण संध्याकाळी सगळ्यांनाच घरी जायचं असतं.

त्याला सांगितलं:
थंडीची बाटली घे, एअर टूलचीच, ही निळी.
नळी जोडायच्या आधी, तोंड वर धरून
पाच थेंब. जेवणानंतर आणखी पाच.
मग पहिले दोन-तीन खिळे रद्दी फळीत मार,
नाहीतर ती श्वास सोडताना तेल थुंकते.
(दंतवैद्याच्या पांढऱ्या चौकटीवर हेइमोनं उठवलेला
तो पिवळा पंखा दोन हात रंगाखालूनही दिसतो.)
काही गनांच्या अंगावर लिहिलेलंच असतं, तेल नको.
त्यांना आग्रह करू नये.

डार्सीनं दोन बाटल्या उचलल्या.
"एक आईला. तिची मी संपवली."
"अजिबात नको. हे तिच्या दोऱ्याला रंग लावेल.
तिला तिचंच घे, पुलाच्या अलीकडे, कापडाच्या दुकानात.
सहाला बंद होतं."
घड्याळात सहाला आठ कमी.
तो पळाला. ट्रकचं दार आपटलं.
मागे बर्फाची भुकटी उडाली.

गन टेबलावरच.

रिंग बदलली नाही, बदलायची गरज नव्हती.
टोपण बसवलं, स्क्रू आवळले,
खड्याच्या जागी आता ओला ठिपका,
तो बाहीनं पुसला.
तोंड वर धरून पाच थेंब सोडले.
उद्या फोन करीन.
आज त्याला दुसऱ्याच बाटलीची घाई आहे.